सूचना : मुंबई सहल, शनिवार 21 फेब्रुवारी

सर्व सभासदांना नमस्कार.

सकाळी साडेसहाला अलिबाग एसटी स्टँडजवळ जमायचे आहे. बोटीच्या तिकिटातच मांडव्यापर्यंतची बस असते, त्यामुळे परस्पर मांडव्याला येणाऱ्यांनी तसे आधी कळवावे. कोणासाठीही बस थांबणार नाही.

गेटवेला उतरलो की टॅक्सीने थेट राणीची बाग. ऊन चढायच्या आत पेंग्विन आणि वाघ बघून घेऊ, मुलांचा हट्ट तोच आहे. तिथून भायखळ्याहून लोकलने सीएसएमटी, तिसरेच स्टेशन. 2004 पासून जागतिक वारशात असलेली ही इमारत आपण कायम गाडी पकडायच्या घाईत पाहतो, या वेळी समोरच्या फुटपाथवरून नीट पाहू.

जेवण फोर्टात, इराणी हॉटेलात. मासे घरी रोज आहेतच!

दुपार छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात. तिथली लघुचित्रे चुकवू नका. ही वास्तू आणि गेटवे, दोन्ही जॉर्ज विटेट यांचीच रचना.

घारापुरी मुद्दाम वगळली आहे. ती घेतली तर अर्धा दिवस तिथेच जातो.

- सव्वापाचला सर्वांनी गेटवेच्या धक्क्यावर हजर राहावे.
- ज्येष्ठांनी औषधे व ओळखपत्र जवळ ठेवावे.
- टॅक्सीसाठी सुटे पैसे आणावेत.
- बोटीवर सीगलना वेफर्स टाकू नयेत. मुलांनाही सांगा.

नावे व पैसे रविवार 15 तारखेपर्यंत मंडळाच्या कार्यालयात द्यावेत. नंतर आलेली नावे जागा उरली तरच घेऊ.

– सहल समिती