कवट्या, मामेबहिणी आणि तुझी लेक

प्रिय सुधीर,

लेकीनं मानवशास्त्र घेतलं म्हणून एवढा हबकलास होय रे? "कवट्या मोजून पोट भरतं का?" हे वाचून हसू आलं. पण कवट्यांचा विषय काढलासच, तर ऐक.

इरावती कर्वे विसाच्या दशकाच्या अखेरीस बर्लिनला डॉक्टरेटसाठी गेल्या, तेव्हा खरोखर कवट्याच मोजत होत्या. मार्गदर्शक ऑयगेन फिशर. कवटीच्या डाव्या-उजव्या बाजूंत जो फरक असतो, त्यावरून गोऱ्यांचं श्रेष्ठत्व सिद्ध व्हावं अशी त्याची अपेक्षा. पुढे हा गृहस्थ नाझींच्या वंशशुद्धीच्या उद्योगात सामील झाला. बाईंनी मापं घेतली आणि लिहून टाकलं, की या फरकाचा वंशाशी संबंध दिसत नाही. परक्या देशात, मार्गदर्शकाच्याच संस्थेत बसून! आपण दोघं तर साहेबासमोर रजेचा अर्ज ठेवतानाही घाबरायचो.

१९३९ पासून त्या पुण्यात, डेक्कन कॉलेजात. तिथून देशभर हिंडल्या. कोण कोणाशी लग्न करतं, कोणाशी करत नाही, हे विचारत. १९५३ साली नातेव्यवस्थेवरचा त्यांचा ग्रंथ आला. उत्तरेत हिंदूंमध्ये जवळच्या नात्यात लग्न म्हणजे शिव शिव; दक्षिणेत मात्र कित्येक जातींत मामेबहीण, आतेबहीण चालते, थोरल्या बहिणीची मुलगीसुद्धा. आपण अधेमधे. मराठ्यांत मामाची मुलगी करतात, आत्याची नाही. का? तर मुलगी घेणारं घर वरचढ मानायचं. ज्या घरी लेक दिली, तिथलीच मुलगी सून म्हणून आणली की तो मान उलटा फिरतो. तुमच्या आईंना विचार, सोयरिकी जुळवण्यात त्यांचा हात कोण धरणार? त्या कारण सांगणार नाहीत, "तसं करत नाहीत" एवढंच म्हणतील. तुझी लेक शिकणार आहे ते असल्या "करत नाहीत"च्या मागे जायला. महिनोन्‌महिने एका गावात राहायचं, लोकांची बोली उचलायची, लग्न-मयताला बसायचं. शिवाय उत्खनन आणि माणसाच्या उत्क्रांतीचे पेपर असतात, ते वेगळेच.

नोकरीचं म्हणशील, तर कोलकात्याला मुख्यालय असलेलं सरकारचं मानववैज्ञानिक सर्वेक्षण आहे, संग्रहालयं आहेत, प्राध्यापकी आहे. जागा कमी, हे कबूल. पण इंजिनिअर झालेला तुझा पुतण्या सध्या काय करतोय, तेही कळव.

दिवाळीत तिला घेऊन ये. वहिनींना नमस्कार.

तुझा,
विनायक