पावसाआधी रिळं हलवा : सांस्कृतिक कार्य मंत्र्यांना खुले पत्र

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस सप्रेम नमस्कार.

१९५६ च्या ‘सी. आय. डी.’मध्ये देव आनंद आणि शकीला यांच्या मागोमाग गात जाणारी मुलगी अनेकांना आठवते. ती शीला वाझ, हे मात्र थोड्यांनाच ठाऊक. तो चित्रपट टिकला, म्हणून निदान शोधता तरी येतं. त्याच काळातल्या कमी गाजलेल्या गुन्हेगारीपटांत क्लबात नाचणाऱ्या, टोळीच्या म्होरक्याशेजारी बसणाऱ्या नट्यांच्या वाट्याला तेही नाही. त्यांची नावं सापडतात ती पहिल्या रिळातल्या श्रेयनामावलीत, नाहीतर थेटरात विकल्या जाणाऱ्या गाण्यांच्या पुस्तिकेत. पुस्तिका वाळवी खाते. पहिल्या रिळाचं तोंड दर खेळाला मशीनमध्ये ओवलं जातं, त्यामुळे तेच आधी फाटतं. आणि तीन मिनिटांचं गाणं म्हणजे ३५ मिमीची जेमतेम २७० फूट फिल्म. कापून न्यायला सोपी. नटीचं नाव आणि काम जिथे असतं, नेमकी तिथेच प्रिंट तोकडी पडते.

म्हणून दापोलीपासून वेंगुर्ल्यापर्यंत बंद टॉकीजांचे माळे आणि जुन्या वितरकांची गोदामं एकदा नीट तपासून घ्यावीत. इथल्या पावसाळी दमटपणात फिल्मवर चित्र धरून ठेवणाऱ्या जिलेटिनच्या थराला बुरशी धरते. अ‍ॅसिटेट फिल्म, म्हणजे सहज न पेटणारी ‘सेफ्टी’ फिल्म, कुजली की तिच्यातून अ‍ॅसिटिक आम्ल सुटतं, आंबूस वास येतो, आणि तेच आम्ल कुजणं आणखी वाढवतं. लोखंडी डब्याचा गंजही त्यात भर घालतो. चांगल्या हेतूने लोक डबे प्लास्टिकमध्ये घट्ट बांधतात. आम्लाची वाफ आत कोंडते आणि रीळ लवकर जातं.

तपासणाऱ्याने आधी फिल्मची कड पाहावी. ‘सेफ्टी’ हा शब्द नसेल तर नायट्रेट, म्हणजे चटकन पेट घेणारी जुनी फिल्म, समजून रीळ वेगळं काढावं आणि वाहतुकीआधी तज्ज्ञांना कळवावं. पुण्यात २००३ साली नायट्रेट साठ्याला लागलेली आग विसरून चालणार नाही. अ‍ॅसिटेटच्या डब्यात आम्लदर्शक पट्टी दिवसभर ठेवावी: निळी राहिली तर ठीक, हिरवी पडली तर कुजणं सुरू झालं, पिवळी झाली तर त्या रिळाचं स्कॅनिंग सर्वात आधी. चिकटलेलं रीळ ओढून उलगडू नये, पापुद्रा चित्रासकट निघतो. एक टक्क्याच्या आसपास आक्रसलेली फिल्म प्रोजेक्टरवर चढवूच नये, कडेची छिद्रं फाटतात.

जिल्ह्याच्या ठिकाणी एक एसी खोली देऊन हे भागणार नाही. रात्री एसी बंद झाला की दमट हवा आत शिरते आणि गार डब्यांवर पाणी धरतं, त्यापेक्षा साधी कोरडी खोली बरी. कायमचा साठा पाच अंशांखाली आणि ३० ते ४० टक्के आर्द्रतेतच हवा. त्यामुळे इथे फक्त नोंद आणि छाननी व्हावी, आणि डबे मे अखेरीपूर्वी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे रवाना व्हावेत.

नोंदवहीत नायक-नायिकेपाशी थांबू नये. श्रेयनामावलीतली प्रत्येक पाटी छायाचित्रासह उतरवून घ्यावी, शेवटच्या ओळीतल्या नावांसकट.

आपले,
रत्नागिरी-सिंधुदुर्गातील जुन्या चित्रपटांचे अभ्यासक