हॉयवर लिहिताना

चि. मृणाल,
अनेक आशीर्वाद.

बेसबॉलपटू विल्यम हॉयवर लेख लिहायला घेतलास, फार बरं वाटलं. पण ‘ऐकू येत नसूनही खेळला’ एवढ्यावर थांबू नकोस. कसा खेळला, ते सांग.

जन्म १८६२, अमेरिकेतलं ओहायो. तिसऱ्या वर्षी मेंदूज्वरात कान गेले. कर्णबधिरांच्या शाळेत तो पहिला आला, पुढे चपला-बूट शिवायचं काम केलं, आणि १८८६ मध्ये ऑशकॉश गावच्या संघात लागला. हे चार ओळींत उरक.

तिथली अडचण मात्र सविस्तर लिही. प्रत्येक चेंडू ‘स्ट्राइक’ (बॅटरविरुद्ध धरला जाणारा) की ‘बॉल’ (टाकणाऱ्याविरुद्ध धरला जाणारा), हा निर्णय अंपायर तोंडी द्यायचा. तो कळायला हॉयला मान मागे वळवावी लागे आणि तेवढ्यात पिचर पुढचा चेंडू टाकून मोकळा! म्हणून तिसऱ्या बेसजवळ (बेस म्हणजे धावताना गाठायचे टप्पे) उभ्या राहणाऱ्या आपल्या कोचशी खुणा ठरल्या: उजवा हात वर म्हणजे स्ट्राइक, डावा म्हणजे बॉल. हॉय डावखुरा बॅटर, त्यामुळे उभा राहिला की तोंड तिसऱ्या बेसच्या बाजूलाच. खूण बघायला फारशी मान हलवावी लागत नसे. अंपायरच्या खुणा त्यानेच सुरू केल्या, असं सर्रास छापतात. त्याला भक्कम पुरावा नाही, ते वाक्य घेऊ नकोस.

हॉय क्षेत्ररक्षण करायचा सेंटर फील्डमध्ये, म्हणजे मैदानाच्या मागच्या भागात मधोमध. तिथे धोका टकरीचा. उंच झेलाखाली दोघं-तिघं धावतात, आणि ‘माझा!’ ही हाक त्याला ऐकू येणार कशी? त्याने सहकाऱ्यांना लेखी कळवलं: झेल मी घेणार असेन तर ओरडेन, माझा आवाज आला नाही तर चेंडू तुमचा. म्हणजे ऐकायचं काम ज्यांना ऐकू येतं त्यांच्याकडे. मला त्याच्या सगळ्या कारकिर्दीत हेच सर्वांत हुशारीचं वाटतं.

१९ जून १८८९ ला वॉशिंग्टनकडून खेळताना त्याने एकाच सामन्यात तीन धावपटू होम प्लेटवर, म्हणजे धाव पूर्ण होते त्या जागी, बाद केले. तिन्ही फेकी होम प्लेटमागे उभ्या कॅचर कॉनी मॅककडे. त्या काळचा चेंडू फार लांब जात नसे, त्यामुळे आउटफिल्डर (मागचे क्षेत्ररक्षक) बरेच पुढे उभे राहत. तरीही धावत चेंडू उचलून त्याच पावलात फेकणं सोपं नव्हे, आणि हॉयची चण लहान होती.

१८८८ मधले ८२ चोरलेले बेस (चेंडू मारला गेला नसतानाही पळून गाठलेले पुढचे बेस) जपून मांड. १८९८ पूर्वी दुसऱ्याच्या हिटवर (यशस्वी फटक्यावर) एक बेस जादा पळालं तरी ती चोरी धरत. आजच्या आकड्यांशी थेट तुलना करू नकोस. त्या वर्षी नॅशनल लीग या अमेरिकेतल्या मोठ्या स्पर्धेत तो पहिला होता, एवढं पुरे.

शेवटाकडे १६ मे १९०२ चा सामना घे. सिनसिनाटीचा हॉय बॅटिंगला, समोर न्यूयॉर्कचा पिचर ल्यूथर टेलर, तोही कर्णबधिर. दोघांनी हाताच्या खुणांनी एकमेकांची विचारपूस केली.

एकूण हिटचा आकडा वेगवेगळ्या नोंदींत थोडा वेगळा सापडेल. ‘दोन हजारांहून अधिक’ लिहिलंस तर चुकणार नाही.

तुझे बाबा