जस्टिनियनचा प्लेग आणि मजुरीचे दर

प्रिय दिन्या,

परवा तू फोनवर विचारलंस, ‘त्या जस्टिनियनच्या प्लेगात माणसं मेली तरी किती?’ गाडीच्या गोंगाटात धड बोलता आलं नाही, म्हणून हे पत्र.

जस्टिनियन हा पूर्व रोमन साम्राज्याचा सम्राट. त्याच्या काळात साथ उठली ५४१ साली, इजिप्तच्या पेलुसियम बंदरात. पुढच्या वसंतात ती त्याच्या राजधानीत, कॉन्स्टॅन्टिनोपलला (आजचं इस्तंबूल) पोचली. राजधानी जगायची इजिप्तच्या धान्यावर; त्याच जहाजांतून उंदीर आणि पिसवा आल्या असाव्यात. ताप, मग जांघेत नाहीतर काखेत गाठ. आपल्याकडे १८९६ला मुंबईत आणि पाठोपाठ पुण्यात जो आला, तो याच जंतूचा. जर्मनीतल्या आशहाइमच्या थडग्यांतल्या दातांत त्याचा डीएनए सापडला आहे.

इतिहासकार प्रोकोपियस तेव्हा राजधानीतच होता. तो दिवसाला पाच हजार, पुढे दहा हजारांहून जास्त मृत्यू सांगतो. त्याच काळातला धर्मगुरू, इफेससचा योहान म्हणतो, वेशींवर आणि बंदरावर मोजणारी माणसं बसवली होती, त्यांनी दोन लाख तीस हजारांवर मोजणंच सोडलं. हे आकडे कितपत धरायचे यावर इतिहासकारांची अजून जुंपलेली आहे. मला मात्र आकड्यापेक्षा योहानची दुसरीच गोष्ट खरी वाटते: लोक घराबाहेर पडताना गळ्यात किंवा दंडाला नावाची चिठ्ठी बांधत, रस्त्यात मेलो तर ओळख पटावी म्हणून. पुरायला जागा उरली नाही तेव्हा खाडीपलीकडच्या सिकाई या उपनगराच्या तटाचे बुरूज छपरं काढून प्रेतांनी भरले. वारा तिकडून सुटला की शहरभर दुर्गंधी.

सम्राटालाही गाठ आली, पण गडी वाचला. आणि वाचून केलं काय? ५४४च्या मार्चमध्ये फर्मान काढलं: देवाच्या कोपानंतर लोक सुधारायचे सोडून हावरट झालेत, कारागीर, खलाशी, शेतकरी दुप्पट-तिप्पट मागतात, यापुढे जुनाच दर. जास्त देणाऱ्याला-घेणाऱ्याला दंड! शेतसाराही सुटला नाही. मेलेल्या शेजाऱ्याचा वाटा जिवंत जमीनदाराच्या माथी मारला, असं प्रोकोपियस लिहितो. त्याचा सम्राटावर दात होता हे खरं, पण फर्मान तर सम्राटाचं स्वतःचं आहे. त्याला सरकारी तक्रार म्हणून वाचलंस तर कळेल, माणसं किती कमी पडली होती ते. काम मागणारे भरपूर असते, तर कुणाची बिशाद होती तिप्पट मागायची?

कोरोनानंतर सेंट्रिंगवाल्यांनी भाव वाढवले तेव्हा तू किती करवादला होतास! जस्टिनियनच्या दरबारात तुला मानाचं पान मिळालं असतं बघ.

वहिनींना नमस्कार. दिवाळीत ये, बाकीचं बोलू.

तुझा,
विजू