ब्राझीलचा सिनेमा पाहताना ग्रांदे ओतेलोपासून सुरुवात करा

महोदय,

‘आय ॲम स्टिल हियर’ला २०२५ मध्ये ऑस्कर मिळाल्यावर ब्राझीलचे जुने चित्रपटही पाहावेत असे अनेकांना वाटले असेल. त्यांनी दिग्दर्शकांच्या याद्या बाजूला ठेवून एका नटाचे बोट धरावे, अशी आग्रहाची सूचना आहे. तो म्हणजे कृष्णवर्णीय नट ग्रांदे ओतेलो (१९१५–१९९३). जन्म मिनास जेराइस राज्यातल्या उबेर्लांदियाचा, उंची जेमतेम दीड मीटर, आणि कामाचा पल्ला नाच-गाण्याच्या प्रहसनापासून शोकांतिकेपर्यंत.

त्याच्यावर विनोदी नटाचा शिक्का बसला तो ब्राझीलच्या अत्लान्तिदा स्टुडिओमुळे. या स्टुडिओचा पहिला कथापट ‘मोलेकी तियांव’ (१९४३) ओतेलोच्याच आयुष्यावरून सुचलेला होता. दुर्दैवाने त्याची प्रत आज उपलब्ध नाही. १९४७ मध्ये चित्रपटगृहांची साखळी चालवणाऱ्या लुईझ सेव्हेरियानो रिबेइरोच्या हाती स्टुडिओ गेला आणि कार्निव्हलच्या हंगामात खपतील असे ‘शांशादा’ विनोदपट झपाट्याने निघू लागले. त्यांत कथा विसविशीत असते, मध्येच गाणी घुसतात. कथेसाठी ते पाहायला बसलात तर अर्ध्या तासात कंटाळाल. विनोदी नट ओस्कारितोबरोबरची ओतेलोची जुगलबंदी पाहावी. ‘कार्नाव्हाल नो फोगो’मध्ये ओस्कारितो रोमिओ आणि ओतेलो ज्युलिएट! त्याच सुमारास ‘तांबेंम सोमोस इर्मांव्स’ या वर्णभेदावरच्या गंभीर चित्रपटात तो गुन्हेगारीकडे वळलेला भाऊ झाला होता, हे मात्र फार थोडे जण सांगतात.

म्हणून क्रम महत्त्वाचा. पहिला पाहावा तो नेल्सन परेरा दोस सांतोसचा ‘रिओ, झोना नोर्ते’ (१९५७). लोकलमधून पडलेला सांबा रचनाकार रुळांलगत मरणासन्न पडला आहे आणि त्याचे आयुष्य मागे उलगडत जाते. त्याच्या चाली दुसरेच लोक आपल्या नावावर खपवतात. रेडिओ केंद्रावर तो प्रसिद्ध गायिका आंजेला मारियाला आपली रचना ऐकवतो आणि ती त्याच्याबरोबर गाऊ लागते, त्या प्रसंगात फक्त त्याचा चेहरा पाहा. आपले गाणे दुसऱ्याच्या गळ्यातून ऐकण्याचा आनंद त्यावर कसा चढत जातो! संवाद नाही, हातवारे नाहीत. विनोदी नटाला पडद्यावर स्तब्ध राहणे सर्वांत अवघड जाते. इथे ओतेलोने ते साधले आहे.

त्यानंतर ‘मातार ओउ कोरेर’ (१९५४) हे ‘हाय नून’ या अमेरिकी वेस्टर्नपटाचे विडंबन. यातल्या पोर्तुगीज कोट्या उपशीर्षकांत बव्हंशी हरवतात, त्यामुळे मूळ ‘हाय नून’ आधी पाहिलेला बरा.

‘माकुनाइमा’ (१९६९) सगळ्यात प्रसिद्ध, पण सुरुवात त्याने करू नये. पन्नाशी ओलांडलेला ओतेलो इथे नवजात बाळ म्हणून आईच्या पोटातून थेट जमिनीवर आदळतो आणि भोकाड पसरतो. आई झाली आहे पाउलो जोझे, आणि झऱ्याच्या पाण्याने नायक गोरा होतो तेव्हा तो गोरा नायकही पाउलो जोझेच. पुढे नायकाचा मुलगा म्हणून ओतेलो परत येतो. आधीचे काम ठाऊक नसेल तर हा नुसता धांगडधिंगा वाटतो. ठाऊक असेल तर दिग्दर्शक जोआकिम पेद्रो दे आंद्रादेने शांशादातला तोच चेहरा घेऊन वर्णाच्या प्रश्नावर केवढा घाव घातला आहे, ते ध्यानात येते.

सवड असेल तर शेवटी जर्मन दिग्दर्शक हेर्झोगचा ‘फिट्झकाराल्दो’ (१९८२) घ्यावा. त्यात ओतेलो ओसाड रेल्वेचा स्टेशनमास्तर आहे. भूमिका छोटी, पण चुकवू नये अशी. शांशादातला ठरलेला खलनायक जोझे लेउगॉय याच चित्रपटात रबराचा धनाढ्य व्यापारी झाला आहे. त्याच्यावर तर स्वतंत्र लेख व्हायला हवा; आपल्या रविवार पुरवणीने तो जरूर छापावा.

– एक चित्रपटप्रेमी वाचक, पुणे