मृणाल, टीएसएच पुन्हा कधी तपासणार?

विश्रामबाग, सांगली

चि. मृणाल हिस,
अनेक आशीर्वाद.

रविवारी तू रागाने फोन ठेवलास, म्हणून हे पत्र. फोनवर माझं एक वाक्य पुरं होत नाही, तेवढ्यात तुझी मीटिंग सुरू होते. बाळाचा विषय काढणार नाही, हे आधीच सांगते. विषय फक्त तुझ्या थायरॉईडचा.

टीएसएच ७.२, म्हणजे चढलेलं; टी-४, म्हणजे थायरॉईडचं स्वतःचं हार्मोन, नॉर्मल. "आई, बॉर्डरलाइन आहे, ऑफिसात निम्म्या जणींना आहे," म्हणालीस आणि रिपोर्ट गेला कपाटात. तू पाठवलेला फोटो मी मिरजेला आपल्या डॉक्टरांना दाखवला. चिडू नकोस, मोबाईल बाबांनीच पुढे केला. याला सबक्लिनिकल म्हणतात म्हणे, म्हणजे थायरॉईड मंदावत असल्याची नुसती चाहूल. मला समजलं ते असं: टीएसएच थायरॉईडमधून येतच नाही, ते मेंदूखालच्या पिट्युटरी ग्रंथीतून येतं, थायरॉईडला कामाला लावायला. वर्ग ढिम्म बसला की मी आवाज चढवायचे ना, तसं. वर्ग अजून काम करतोय, म्हणून टी-४ जागेवर आहे. पण बाईंचा आवाज चढलाय.

मग थायरॉईडची गोळी का नको, हे मीही विचारलं. टीएसएचचा आकडा दहाच्या वर गेला तर बहुतेक डॉक्टर गोळी सुरू करतात. त्याच्या आत असेल तर घाई करत नाहीत, कारण पुष्कळदा तो आपला आपण खाली येतो. उगाच किंवा जास्त गोळी घेतली तर छातीत धडधडतं, हाडं ठिसूळ होतात. तेव्हा मैत्रिणीच्या डबीतली मुळीच घ्यायची नाही. दोन-तीन महिन्यांनी पुन्हा टीएसएच, टी-४ आणि या खेपेला अँटी-टीपीओ. ती थायरॉईडवरच उलटणारी अँटीबॉडी निघाली तर थायरॉईड पुढे खरोखर मंदावण्याची शक्यता वाढते. एकूणात वर्षाला शंभरातल्या दोन ते पाच जणींचंच तसं होतं. म्हणजे घाबरायचं काही नाही. फक्त पुन्हा तपासायचं.

माई आत्यांचं आठवतं तुला? ऐन चैत्रात स्वेटर घालून ओट्यावर बसायच्या. आवाज घोगरा झालेला, चेहरा सुजलेला, हात इतके भरले की बांगड्या साबण लावूनही निघेनात, शेवटी कासाराकडून कापून घेतल्या. सगळे म्हणायचे, वय झालं. तपासणीच कुणी केली नव्हती. गोळी सुरू झाल्यावर हळूहळू पुन्हा भांडायला लागल्या, तेव्हा कुठे बाबांचा जीव भांड्यात पडला.

आणि २०१९ च्या पुरानंतर त्यांच्याच सांगलवाडीच्या घरातला गुडघाभर चिखल तू उपसलास. सगळी गल्ली बघत होती. विहीणबाईंना मी अजून सांगते. तीच तू हल्ली एक जिना चढून दमतेस, रविवारी दुपारपर्यंत झोपतेस. सगळं थायरॉईडमुळेच असेल असं नाही. रक्त कमी असेल, झोप अपुरी असेल. हिमोग्लोबिनही बघून घे. कोलेस्टेरॉलही बघ, टीएसएच चढतं राहिलं तर तेही वाढतं आणि हृदयावर येतं. अण्णांचं तुला माहीतच आहे.

कोबी-फ्लॉवर बंद करू नकोस, शिजवून नेहमीइतका खाल्ला तर काही होत नाही. मीठ मात्र आयोडीनचंच वापर. सैंधवावर भागवू नका, विहीणबाईंना मी सांगितलं असं सांगू नकोस.

झालं, माझी शाळा भरली. बाई, माफ कर. तू तिशीची आहेस, घर चालवतेस, मला कळतं.

पण एक लिहिल्याशिवाय राहवत नाही. दिवस राहिल्यावर पहिले तीनेक महिने बाळाला थायरॉईडचं हार्मोन आईकडूनच मिळतं. म्हणून विचार चालू असेल तर दिवस राहायच्या आधीच डॉक्टरांच्या कानावर घालायचं. एरवी टीएसएच सात असताना थांबणारे डॉक्टर तेव्हा थांबत नाहीत. नाहीतर जे होऊ शकतं, तो शब्द मला लिहवत नाही. तुमचा विचार आहे की नाही, हे मी विचारलेलं नाही. निखिलरावांनाही विचारलेलं नाही. गोळी लागलीच तर ती सकाळी उपाशीपोटी, चहा अर्ध्या-पाऊण तासाने. लोह-कॅल्शियमच्या गोळ्या त्यानंतर चार तासांनी. एवढं पाळलं की झालं, कसलं पथ्य नाही.

बाबांनी भडंग पाठवलंय, डबा परत आण. येशील तेव्हा रिपोर्ट घेऊनच ये. नाहीतर फोटो पाठव, आता आकडे मला वाचता येतात.

तुझी,
आई

ता. क. केसांसाठी त्या गोळ्या घेतेस ना, त्यात बायोटिन नावाचं व्हिटॅमिन असतं. त्याने थायरॉईडचा रिपोर्ट चुकू शकतो. रक्त द्यायच्या आधी किमान दोन दिवस बंद ठेव. तारीख ठरली की कळव.