विमानामागचे डोंगर

चि. सायलीस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस, "बाबा, तीन वर्षं नुसतं रोटो करतेय, फ्रेममागून फ्रेम माणसं पार्श्वभूमीपासून वेगळी काढतेय. हिरोच्या केसांच्या कडा कातरायच्या आणि घरी यायचं." तेव्हा मला काही सुचलं नाही. मग लॉरेन कार्पेंटर आठवला. नाव तूच कधीतरी सांगितलेलं.

हा गृहस्थ सिअ‍ॅटलला बोइंगमध्ये नोकरीला. कॉम्प्युटरवर विमानांची चित्रं काढायची. विमानं निघत होती, पण त्यांच्यामागे डोंगर हवेत असं त्याच्या मनाने घेतलं. कॉम्प्युटरवर डोंगर लहान लहान त्रिकोण जोडून उभा करायचा. आता ते हजारो त्रिकोण हाताने कोण भरणार? गणिती मँडेलब्रॉटचं फ्रॅक्टलवरचं, म्हणजे लहान भागातही मोठ्यासारखाच आकार दिसणाऱ्या आकृत्यांवरचं पुस्तक वाचून तो त्या मागे लागला.

त्याची युक्ती मी जेवणाच्या टेबलावर करून पाहिली. ट्रेसिंग पेपरवर एक त्रिकोण काढला. प्रत्येक बाजूचा मध्य घ्यायचा, नाणं उडवायचं. छापा आला तर बिंदू वर, काटा आला तर खाली. मध्य जोडले की एकाचे चार त्रिकोण. त्या चारांना पुन्हा तेच, फक्त चढउतार निम्मा. तिसऱ्या फेरीअखेर ४२ वेळा नाणं उडवलं, ६४ त्रिकोण झाले. चौथ्या फेरीला आणखी १०८ वेळा उडवायचं. आई म्हणाली, "नाणं ठेवा, जपमाळच घ्या."

पण कागद जरा तिरपा धरला, तर चक्क डोंगराची धार! जन्मभर ट्रेसर म्हणून नकाशांतले कंटूर, म्हणजे सारख्या उंचीच्या रेषा, गिरवले मी. त्यातली प्रत्येक उंची कुणीतरी उन्हात पट्टी धरून मोजलेली असायची. इथे कुणीच कुठे गेलं नव्हतं.

कार्पेंटरने हे मशीनकडून करून घेतलं. एकेका फ्रेमला वीस-चाळीस मिनिटं लागत. त्यातून दोन मिनिटांची 'व्हॉल लिब्र' ही फिल्म झाली, डोंगरांवरून उडत जाणारी. १९८० साली सिग्राफ ही कॉम्प्युटर ग्राफिक्सची परिषद सिअ‍ॅटललाच होती. तिथे ती दाखवली, लोकांनी डोक्यावर घेतली आणि 'स्टार वॉर्स' काढणाऱ्या लुकासफिल्मची नोकरी तिथल्या तिथे समोर आली.

१९८२ च्या दुसऱ्या 'स्टार ट्रेक' सिनेमात ओसाड ग्रह मिनिटभरात जिवंत होतो, त्यातले डोंगर त्याचे. कॅमेरा एका डोंगरातून आरपार जातोय हे उशिरा लक्षात आलं, तेव्हा डोंगरालाच खाच पाडून वाट काढली म्हणे. हे मला फार आवडलं. पुढे पिक्सार कंपनी, तिथलं चित्रं तयार करणारं रेंडरमॅन सॉफ्टवेअर, २००१ मध्ये सहकारी कुक आणि कॅटमलबरोबर ऑस्कर, ते तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत.

त्याच्या हाताशी मोठं मशीन होतं, तुला सकाळी लोकल गाठायची असते, हे मला कळतं. नोकरी धर की सोड, ते तुझं तू ठरव. पण ऑफिसने न मागितलेलं असं शेवटचं काय केलंस? नववीत वहीच्या कोपऱ्यांवर पळणारा कोल्हा काढला होतास. वही माझ्याकडे आहे. पानं सोडली की अजून पळतो, फक्त मध्ये एका पानावर भाजीचा डाग आहे, तिथे अडखळतो.

गणपतीला येशील तेव्हा लॅपटॉप आण. चौथ्या फेरीत मी एकेचाळिसाव्या नाण्यावर थांबलोय. उरलेलं तू कर, मला बघायचंय.

बाबा